भुकेची हाक

शिरीष देवकुळ्यांची वाचा गेली, तेव्हा ते हळदीच्या सौद्यात उभे होते. सांगलीच्या मार्केट यार्डात त्यांनी उमेदीची सगळी वर्षं बोली पुकारण्यात घालवली. पोत्यांच्या थप्पीवर चढून ते एकदा सुरू झाले की खरेदीदारांचा सगळा गलबला त्यांच्या आवाजाखाली दबून जायचा. त्या दिवशी बोली वर चढत असतानाच त्यांची जीभ वळली, उजवा हात लुळा पडला आणि भोवतालच्या लोकांनी त्यांना वरच्यावर झेललं.

जीव वाचला. उजवी बाजू थोडीफार परत आली. शब्द मात्र आले नाहीत.

"त्यांना सगळं कळतंय," डॉक्टर शिरीषरावांच्या बायकोला, उज्ज्वलाला म्हणाले. "फक्त हवा तो शब्द सापडत नाही. कधी दुसराच हाताला लागतो, कधी काहीच लागत नाही. चिडले तर मनावर घेऊ नका."

हॉस्पिटलनं घरी एक बोलका पडदा दिला होता. त्यातली बाई रोज हसतमुखानं विचारायची, "हे काय आहे? आंबा! म्हणा पाहू, आंबा!" बाजारात शेकडो माणसांना गप्प करणारे शिरीषराव त्या बाईकडे पाठ फिरवून भिंतीकडे बघत बसायचे. उज्ज्वला पडदा बंद करायची आणि स्वयंपाकघरात जाऊन उगाचच भांडी घासायची.

लेक सानिका बेंगळुरूला होती. गुढीपाडव्याच्या सुमारास तिनं एक खोकं पाठवलं. आत जेवणाच्या डब्याएवढं यंत्र होतं. नाव होतं 'साद'.

"बाबांच्या पलंगाजवळच्या बाल्कनीत लाव," ती फोनवर म्हणाली. "पाखरं येतात म्हणे ह्यानं. त्यांचा तेवढाच वेळ जाईल."

उज्ज्वलानं ते ग्रिलला बांधलं. शेजारच्या कुंडीतला मधुमालतीचा वेल ग्रिलभर पसरला होता. यंत्राच्या पुढच्या बाजूला आवाजासाठी गोल जाळी होती आणि जाळीभोवती केशरी कड.

पाखरांना बोलवायला पूर्वीही लोक दाणे ठेवत, पाणी ठेवत. 'साद'ची करामत वेगळी होती. कुठे उतरायचं, कुठे राहायचं, हे पाखरू फक्त डोळ्यांनी बघून ठरवत नाही. ते इतर पाखरांचं बोलणं ऐकतं. इथे खाणं आहे, इथे शिक्रा फिरत नाही, गेल्या वर्षी इथे कुणाचं तरी घरटं सुखरूप पार पडलं, हे सगळं त्यांच्या आवाजात असतं. शास्त्रज्ञांनी हे आवाज वेगळे काढले होते आणि 'साद' ते स्वतः तयार करून ऐकवत असे. तिला कान होता, डोळा होता. कोणत्या आवाजानं किती पाखरं आली आणि किती वेळ थांबली, हे ती बघत राही. ज्या आवाजाला जास्त पाखरं येत, तो ती पुन्हा काढी, थोडा बदलून बघे. एका यंत्राला जमलेली युक्ती गावोगावच्या सगळ्या यंत्रांना कळत असे. बनवणाऱ्यांनी तिला ध्येय एकच दिलं होतं: पाखरं जास्त यावीत.

आणि ती आली. आधी चिमण्या, मग शिंपी, शिंजीर, दयाळ. घरात नुसता किलबिलाट. शिरीषरावांनी भिंतीकडचं तोंड बाल्कनीकडे वळवलं. एका सकाळी उज्ज्वला चहा घेऊन आली, तेव्हा ग्रिलवर एक बुलबुल बसला होता. डोक्यावर काळा तुरा, शेपटीखाली लाल ठिपका.

"बुलबुल," शिरीषराव म्हणाले.

उज्ज्वलानं हातातली कपबशी खाली ठेवली. "काय म्हणालात?"

"बुलबुल." आणि त्यांच्या वाकड्या झालेल्या ओठांवर हसू आलं.

ती तिथेच पलंगाच्या कडेला बसली आणि पदरात तोंड खुपसून रडली. फोनवर सानिकाही रडली. पुढच्या दिवसांत 'चिमणी' आली, 'पाणी' आलं, एकदा 'उज्जू'सुद्धा. पडद्यातल्या बाईला जे जमलं नव्हतं, ते पाखरांनी केलं होतं. विश्रामबागेतल्या त्यांच्या सोसायटीत ही बातमी पसरली आणि बघता बघता घरोघरी ग्रिलवर केशरी कड दिसू लागली. वरच्या मजल्यावरच्या भूपाल मगदूमांनीही 'साद' आणली. त्यांची बायको वारली होती, मुलगा कॅनडात होता.

बुलबुलाच्या जोडीनं मधुमालतीतच घरटं बांधलं, शिरीषरावांच्या उशापासून दोन हातांवर. काड्या आणि कोळ्याची जाळी विणून केलेली लहानशी वाटी. अंडी फुटली, पिल्लं निघाली. शिरीषराव सकाळी डोळे उघडल्यापासून तिकडेच बघत. मादी किडा घेऊन आली की तीन बिनपिसांच्या माना थरथरत वर उठायच्या आणि तांबडी तोंडं वासायची. ते उज्ज्वलाला हातानं खूण करून बोलवत आणि दोघं श्वास रोखून बघत.

मग एके दिवशी 'साद'चा आवाज बदलला.

नेहमीची शीळ, गप्पा, किलबिल मागे पडली आणि जाळीतून एक बारीक, घाईचा, चिरचिरता आवाज येऊ लागला. उज्ज्वलानं फारसं लक्ष दिलं नाही. यंत्र रोज काहीतरी नवं काढत असे. पण त्या दिवशी पाखरांची नुसती रीघ लागली. बुलबुल, शिंपी, दयाळ, वटवटे. आणि येताना प्रत्येकाच्या चोचीत काहीतरी होतं. हिरवी अळी, नाकतोडा, कोळी. पाखरं जाळीशी येत, केशरी कडेत चोच खुपसत आणि तो घास आत टाकून उडून जात. खाली अळ्यांचा लहानसा ढीग झाला.

"अगं बाई, पाखरं भेट घेऊन येतायत!" उज्ज्वलानं हसत हसत व्हिडिओ काढला आणि सोसायटीच्या ग्रुपवर टाकला. वरून मगदूम ओरडले, "वैनी, आमच्याकडं पण आणायलेत की! देवाला नैवेद्य दाखवावा तसं!"

शिरीषराव मात्र हसले नाहीत. दुपारपर्यंत ते अस्वस्थ झाले. डावा हात 'साद'कडे करून त्यांनी तोंड उघडलं. गळ्याच्या शिरा ताणल्या.

"जास्त," ते म्हणाले. "जास्त!"

नवा शब्द! उज्ज्वला हरखली. "आवाज जास्त करू? थांबा हं." तिनं यंत्राची कळ फिरवली. चिरचिर वाढली.

"जास्त! जास्त!" त्यांनी मूठ पलंगावर आपटली. डोळ्यांतून पाणी आलं. "एक वार… दोन… जास्त!"

सौद्यातली बोली आठवतेय त्यांना, तिला वाटलं. तिनं कळ शेवटपर्यंत फिरवली, त्यांच्या कपाळावरून हात फिरवला आणि सानिकाला कळवायला फोन घेऊन आत गेली. मागे शिरीषराव ओरडत राहिले. मग दमले आणि गप्प झाले.

दुसऱ्या दिवशी ते जेवले नाहीत. बाल्कनीकडे बघतही नव्हते. उज्ज्वला वेलाला पाणी घालायला गेली, तेव्हा तिला घरट्यावर मुंग्यांची ओळ दिसली. तिनं फांदी बाजूला केली. दोन पिल्लं मेली होती. पोटं पाठीला लागलेली, चोची मिटलेल्या. तिसरं त्यांच्यावर मान टाकून पडलं होतं. तेवढंच काय ते हलत होतं.

त्याच वेळी मादी आली. तिच्या चोचीत लठ्ठ हिरवी अळी होती. ती वेलावर टेकली, घरट्यापासून वीतभर अंतरावर. पिल्लानं मान उचलायचा प्रयत्न केला. मादीनं तिकडे पाहिलंसुद्धा नाही. ती उडून 'साद'पाशी गेली, चिरचिरणाऱ्या जाळीत तिनं अळी खुपसली आणि पुन्हा चारा आणायला निघून गेली.

उज्ज्वला मागे वळली. शिरीषराव तिच्याकडेच बघत होते.

"तुम्ही मला हेच सांगत होता," ती म्हणाली. "काल दिवसभर हेच."

त्यांनी डोळे मिटले.

समोरच्या इमारतीत डॉ. तबस्सुम मुजावर राहायच्या. कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवत. सानिका त्यांची विद्यार्थिनी. उज्ज्वलानं बोलावल्यावर त्या घरच्याच कपड्यांत धावत आल्या. त्यांनी आधी ढीग बघितला, मग घरटं, मग डोळे मिटून तो आवाज ऐकला.

"ही पिल्लांची भुकेची हाक आहे," त्या म्हणाल्या. "एका पिल्लाची नाही, अख्ख्या घरट्याची. सात-आठ पिल्लं एकदम ओरडावीत तशी."

"पण ह्यात पिल्लाचा आवाज कुणी घातला?"

"कुणीच नाही घातला, ताई. यंत्रानंच शोधून काढला. कुठल्या तरी गावातल्या एखाद्या यंत्रानं पिल्लाचा आवाज ऐकला, काढून बघितला आणि पाखरं तुटून पडली. मग सगळी यंत्रं तेच शिकली." मुजावर मॅडमनी जाळीवर बोट ठेवलं. "आईबाप मोजत नाहीत हो. मोठ्यात मोठी हाक जिथून येते आणि तांबडं तोंड जिथे दिसतं, तिथे घास द्यायचा, एवढंच त्यांच्या रक्तात असतं. कोकिळेचं पिल्लू कावळ्याच्या घरट्यात अशाच हाका मारून जगतं. पण कोकिळेचं पिल्लू झालं तरी पोट भरलं की गप्प बसतं. ह्याचं पोटच नाही."

आता उज्ज्वलाला 'जास्त'चा अर्थ पुरता लागला. यंत्रानं बोली वाढवली होती. खरी पिल्लं तेवढं बोलू शकत नव्हती.

तिनं कळ बंद केली. बाल्कनीत शांतता झाली, आणि लगेच लक्षात आलं की ती पुरती शांतता नव्हती. तोच आवाज वरून येत होता. समोरून येत होता. मागच्या गल्लीतून येत होता. ग्रिलवर टेकलेली पाखरं क्षणभर गोंधळली आणि वर उडाली.

कंपनीच्या नंबरावर एक गोड आवाज बोलला. तुमच्या बाल्कनीतली वर्दळ ह्या आठवड्यात उत्तम आहे, अभिनंदन, असं त्यानं सांगितलं. पिल्लं मेल्याचं सांगितल्यावर तो म्हणाला, आपला अभिप्राय आमच्यासाठी मोलाचा आहे.

मग तिनं सानिकाला फोन केला. सगळं सांगितलं.

"आई, तू ते कायमचं बंद करणार आहेस?"

"बंदच केलंय."

"बाबा बोलायला लागले होते गं. वर्षभरानं." तिचा आवाज चिरकला. "पाखरं गेली की ते पुन्हा भिंतीकडे तोंड करून बसतील. दोन पिल्लांसाठी तू बाबांचे शब्द घालवणार?"

"सानू, ती पिल्लं त्यांच्या डोळ्यांसमोर मेली. ओरडून ओरडून सांगत होते ते, आणि मी आवाज वाढवत होते."

"मग दुसऱ्या खिडकीत लाव! जिथून त्यांना घरटं दिसणार नाही तिथे!"

उज्ज्वलानं फोन ठेवला. लेकीला सुचलं होतं ते तिलाही सुचून गेलं होतं, याचीच तिला लाज वाटत होती.

ती वर गेली. मगदूम बाल्कनीत खुर्ची टाकून बसले होते आणि त्यांच्या ग्रिलवर पाखरांची झुंबड होती. खाली अळ्यांचा ढीग सडत चालला होता.

"बसा की वैनी."

तिनं सगळं सांगितलं. मगदूम ऐकत होते, पण नजर पाखरांवर होती.

"मी एकट्यानं बंद करून काय होणार हो? सगळ्या कॉलनीत वाजायलंय."

"आमच्या घरट्याला सगळ्यात जवळ तुमचंच आहे, भूपालअण्णा. एक पिल्लू अजून जिवंत आहे."

"वैनी, खोटं कशाला सांगू?" ते हळूच म्हणाले. "ही गेल्यापासून ह्या घरात कुणी आपणहून आलं नव्हतं. आता सकाळी दार उघडलं की माझ्यासाठी कोण कोण येतंय. मला मरणारी पिल्लं दिसत नाहीत. येणारी पाखरं दिसतात."

"ती तुमच्यासाठी येत नाहीत, अण्णा."

बोलून गेल्यावर तिलाच ते फार कठोर वाटलं. मगदूमांनी तोंड ग्रिलकडे फिरवलं. ती खाली आली तरी वरचा आवाज चालूच होता.

शिरीषरावांनी तिला डाव्या हातानं खूण केली. खुर्ची. बाहेर.

तिनं त्यांना चाकाच्या खुर्चीत बसवलं आणि बाल्कनीत नेलं, थेट वेलापाशी. त्यांनी वाकून घरट्यात पाहिलं. मेलेली पिल्लं उज्ज्वलानं काढली होती. उरलेलं पिल्लू डोळे मिटून होतं. त्याचं तोंड उघडत होतं, मिटत होतं, पण आवाज निघत नव्हता.

मादी आली. चोचीत किडा. ग्रिलवर बसून तिनं मान वर केली. वर चिरचिर चालली होती. तिनं पंख किंचित उघडले.

तेवढ्यात उज्ज्वलाला अगदी जवळून तीच हाक ऐकू आली. यंत्र चालू झालं असं वाटून ती दचकली. यंत्र बंदच होतं. आवाज शिरीषरावांचा होता. वाकड्या तोंडातून, दातांच्या फटीतून ते बारीक चिरचिरत होते. पलंगावर पडून त्यांनी ती हाक एवढी ऐकली होती की ती त्यांच्या गळ्यात बसली होती. मुजावर मॅडम नंतर म्हणाल्या, बोलणं गेलेल्या माणसांना कधी कधी गाता येतं, नक्कल करता येते, कारण मेंदूत त्यांची वाट वेगळी असते. त्या क्षणी उज्ज्वलाला यातलं काही ठाऊक नव्हतं. ती नुसती बघत राहिली.

मादीनं मान वळवली. वर पाहिलं, खाली पाहिलं. मग उडी मारून ती शिरीषरावांच्या खुर्चीच्या हातावर आली आणि चोचीतला किडा तिनं त्यांच्या तोंडासमोर धरला.

शिरीषरावांचे डोळे विस्फारले. त्यांनी ओठ घट्ट मिटले. मादी थांबून राहिली. किडा वळवळत होता. त्यांनी हळूहळू, मानेला झटका न देता, तोंड घरट्याच्या काठाशी नेलं आणि अगदी हलकेच पुन्हा तो आवाज काढला. शेजारी दुसरं कुणीतरी ओरडतंय असं वाटून असेल, पण त्या मेल्यागत पडलेल्या पिल्लानं मान उचलली. थरथरत तोंड वासलं. तांबडं.

मादी घरट्याच्या काठावर गेली आणि तिनं घास आत कोंबला.

नंतर अनेक दिवस हेच चाललं. सकाळी उजाडल्याबरोबर शिरीषराव खुर्चीत बसत आणि वरच्या यंत्राशी स्पर्धा करत. कधी मादी त्यांच्याकडे येई, कधी वर जाई. वर गेली की त्यांचा चेहरा पडे, मग पुन्हा सुरू. घसा बसला. ओठांच्या कोपऱ्यातून लाळ गळे. उज्ज्वला ती पुसे आणि चमच्यानं कोमट पाणी पाजी. "पुरे आता," असं ती म्हणाली नाही.

एका दुपारी वरचा आवाज थांबला. उज्ज्वलानं वर बघितलं. मगदूम कठड्यावरून वाकून खाली बघत होते. किती वेळ उभे होते कोण जाणे. ते आत निघून गेले. त्यांची बाल्कनी त्यानंतर बंदच असायची.

पिल्लाला पिसं फुटली आणि एके दिवशी ते वेलातून ग्रिलवर, ग्रिलवरून समोरच्या कडुलिंबावर असं धडपडत गेलं. बस, एवढंच. त्या वर्षी कॉलनीत आणखी एखादं पिल्लू वाचलं असेल, तर मुजावर मॅडमना ते दिसलं नाही. त्यांनी आणि इतर गावांतल्या त्यांच्यासारख्यांनी खूप आरडाओरडा केला, तेव्हा कुठे पावसाळ्यात कंपनीनं 'आवाजांच्या संचात सुधारणा' केली. चूक झाली असं कुणी म्हटलं नाही. तोवर विणीचा हंगाम संपला होता. म्हातारी पाखरं होती, तरुण नव्हती.

यंत्र बंदच राहिलं, बाल्कनीतली पाखरं विरळ झाली आणि शिरीषरावांचे शब्द ओसरले. 'बुलबुल' गेला, 'चिमणी' गेली. 'पाणी' कधी येई, कधी नाही. आपण बरोबर केलं का, हा प्रश्न उज्ज्वलाला पोळ्या लाटताना पडायचा, कपडे वाळत घालताना पडायचा. पिल्लू उडालं तेव्हा त्यांचा चेहरा तिनं पाहिला होता. त्यांचे रिकामे ओठही रोज पाहत होती. दोन्हींचा मेळ तिला घालता आला नाही.

सानिका फोनवर तुटक बोलायची. दसऱ्याला ती आली. बॅग दारातच ठेवून वडिलांसमोर पाटावर बसली, त्यांचे दोन्ही हात धरून.

"बाबा, मी कोण? सानिका. म्हणा ना. सा-नि-का."

शिरीषरावांनी प्रयत्न केला. "सा," ते म्हणाले. "सा… सौ… सा…" शिरा ताणल्या. कपाळावर घाम आला. हात सोडवून घेत त्यांनी मान हलवली. सानिकाचा चेहरा कडवट झाला. ती उठली, आईकडे न बघता खिडकीशी जाऊन पाठमोरी उभी राहिली.

"हेच होणार होतं," ती म्हणाली. "मी सांगितलं होतं तुला."

उज्ज्वलानं दारातली बॅग उचलून आत ठेवली.

तेव्हा शिरीषरावांनी ओठांची फट केली आणि तो बारीक, चिरचिरता आवाज काढला. एकदा. थांबून पुन्हा एकदा.

सानिका दचकून वळली. तिनं तो आवाज फक्त फोनवर, यंत्रातून ऐकला होता. ते तिच्याकडेच बघत होते आणि डावा हात पुढे केला होता.

"काय झालं त्यांना? भूक लागलीय का?" तिनं घाबरून आईला विचारलं.

"नाही गं," उज्ज्वला म्हणाली. "तुला बोलावतायत."

सानिका तशीच उभी राहिली. तो आवाज पुन्हा आला, ह्या खेपेला जरा मोठा. मग ती पुढे झाली, पाटावर बसली आणि तिनं आपलं डोकं त्यांच्या गुडघ्यावर ठेवलं.